नारूची वाट कशी बंद झाली

औंढा नागनाथहून वसमतकडे निघाले की वाटेत शिरड शहापूर लागते. हिंगोली जिल्ह्यातले हे गाव भगवान मल्लिनाथांच्या दिगंबर जैन अतिशय क्षेत्रामुळे दूरदूरच्या यात्रेकरूंना माहीत आहे. जैन आचारात पाणी गाळून पिणे हा धर्मनियमच आहे. जाड सुती फडक्याची दुहेरी घडी भांड्याच्या तोंडावर धरायची, त्यातून पाणी ओतायचे आणि फडक्यावर जे उरेल ते जिथून पाणी आणले तिथेच अलगद सोडून द्यायचे. पाण्यातल्या सूक्ष्म जिवांची हिंसा होऊ नये, एवढाच त्यामागचा हेतू. सूक्ष्मदर्शक जगात येण्याच्या कितीतरी आधीपासून हा नियम घराघरांत पाळला जात आला आहे.

त्या फडक्यावर अडकणाऱ्या जिवांमध्ये टाचणीच्या डोक्याहूनही लहान असा एक जीव असे. त्याच्या पोटात एका कृमीची अळी दडलेली असू शकते आणि ती माणसाच्या पोटात गेली की वर्षभराने त्याला अंथरुणाला खिळवते, हे एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत कुणालाच ठाऊक नव्हते. पाण्यातला जीव वाचवण्यासाठी केलेला नियम पाणी पिणाऱ्यालाही वाचवत होता.

त्या कृमीचे नाव नारू.

आज चाळिशीच्या आत असलेल्या माणसाने नारू पाहिलेला नसतो. दख्खनच्या पठारावरच्या खेड्यांत मात्र कित्येक पिढ्यांनी तो सोसला. पायावर, बहुधा घोट्याच्या आसपास, एक फोड येई. फोडात आग पेटल्यासारखी जळजळ होई. दोनचार दिवसांत तो फुटे आणि त्यातून पांढऱ्या दोऱ्यासारखे काहीतरी डोकावू लागे. ती नारूची मादी. जाडी जेमतेम एक-दोन मिलिमीटर, पण लांबी सत्तर-ऐंशी सेंटिमीटर, कधी मीटरभर. ती ओढून काढता येत नसे. बारीक काडीला तिचे टोक गुंडाळायचे आणि रोज थोडी थोडी, दोन-चार बोटे, ओढत काडीवर वळवायची, हा एकच इलाज होता. त्यात आठवडे जात. घाई झाली आणि कृमी आतच तुटला, तर पाय सुजे, पू धरे, सांधा कायमचा आखडे. उघड्या जखमेतून धनुर्वात होऊन माणूस दगावल्याचीही उदाहरणे आहेत.

आयुर्वेदाच्या मध्ययुगीन ग्रंथांत हा विकार ‘स्नायुक’ नावाने येतो. पायातून निघणारा तो दोरा म्हणजे शरीरातलीच बिघडलेली शीर किंवा स्नायू, असा समज फार काळ टिकला. कुणी रक्त नासले म्हणे, कुणी दैवाचा कोप म्हणे. एका गोष्टीने मात्र सगळ्यांनाच चकवले होते. नारू झालेल्या माणसाला शिवले, त्याच्या ताटात जेवले, त्याच्या अंथरुणावर झोपले, तरी नारू होत नसे. तरीही एकाच गावात, एकाच आळीत, वर्षानुवर्षे ठरावीक मोसमात तो पुन्हा पुन्हा निघे. माणसाकडून माणसाकडे न जाणारा हा रोग गाव मात्र सोडत नव्हता.

पाण्यात उतरणारा पाय

कोडे सुटायला गावची पाण्याची जागा पाहावी लागते.

मराठवाड्यात बारव ही अभिमानाने दाखवण्याची वास्तू आहे. परभणी जिल्ह्यातल्या चारठाणा, पिंगळी, वालूर या गावांच्या बारवा पाहायला आज अभ्यासक लांबून येतात. घडीव दगडाच्या पायऱ्या, देवकोष्ठे, खाली उतरत जाणारी प्रमाणबद्ध रचना. कमी पावसाच्या मुलखात वर्षभर पाणी पुरावे, पाण्याची पातळी कितीही खाली गेली तरी माणसाला तिथपर्यंत पोचता यावे, म्हणून पूर्वजांनी हे स्थापत्य उभे केले. प्रत्येक गावाला अशी कोरीव बारव नव्हती, पण पायऱ्यांची साधी विहीर बहुतेक ठिकाणी होती. बायका कडेवर घागर घेऊन पायऱ्या उतरत, शेवटच्या पायरीवर पाण्यात पाय ठेवून उभ्या राहत आणि घागर बुडवून भरत.

ज्याच्या पायाला नारूचा फोड आला आहे, त्याला पाण्यात पाय घातल्यावर क्षणभर बरे वाटे, कारण जळजळ थांबे. नारूच्या मादीला हवे असे ते हेच. गार पाणी लागले की ती लाखो सूक्ष्म अळ्या पाण्यात सोडते. त्या अळ्या स्वतंत्रपणे काही दिवसच जगतात. तेवढ्यात त्यांना सायक्लॉप्स नावाच्या इवल्या कवचधारी जलचराने गिळले, तरच पुढचा प्रवास सुरू होतो. साचलेल्या, संथ पाण्यात सायक्लॉप्स भरपूर असतात. त्यांच्या शरीरात अळी सुमारे दोन आठवड्यांत तयार होते. मग कुणीतरी तिथली घागर भरून नेते आणि न गाळलेले पाणी पिते. पोटातल्या आम्लाने सायक्लॉप्स मरतो, अळी मात्र मोकळी होऊन आतड्याच्या भिंतीतून शरीरात शिरते. नर-मादीचे मीलन होते, नर मरतो, मादी वाढत राहते. दहा ते चौदा महिने माणसाला काहीही जाणवत नाही. आणि मग एक दिवस घोट्याजवळ फोड येतो.

हे वर्षभराचे अंतर फार घातक होते. ज्या मोसमात पाणी प्यायले, बहुधा त्याच मोसमात पुढच्या वर्षी नारू बाहेर येई. पायऱ्यांच्या विहिरींतले पाणी उन्हाळ्यात तळाला जाते, थोडक्या पाण्यात सायक्लॉप्स दाटतात आणि सगळ्या गावाची गर्दी त्याच डबक्यावर होते. म्हणजे नारू निघणार तो उन्हाळ्यात किंवा पावसाच्या तोंडावर. मृग लागायचा, शेत वाट पाहत असायचे आणि घरातला कर्ता माणूस पाय लांब करून ओसरीवर पडलेला असायचा. नारूने माणसे फारशी मरत नव्हती, पण पेरणी चुकली की वर्ष मरत होते. एकदा नारू झाला म्हणून पुढे होणार नाही, अशी प्रतिकारशक्तीही अंगी येत नसे. दुसऱ्या वर्षी पुन्हा तोच माणूस, पुन्हा तोच पाय.

कळले, पण वळले नाही

नारूची अळी सायक्लॉप्सच्या शरीरात वाढते, हे प्रथम दाखवले ते रशियन संशोधक अलेक्सेई फेदचेन्को यांनी, १८७० च्या सुमारास, तुर्कस्तानात. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात ब्रिटिश कृमितज्ज्ञ रॉबर्ट लायपर यांनी अशा सायक्लॉप्स असलेली केळी माकडाला खाऊ घालून त्याच्या शरीरात नारूची वाढ झाल्याचे सिद्ध केले. त्याच सुमारास मुंबईत परळच्या जीवाणुशास्त्र प्रयोगशाळेत डब्ल्यू. ग्लेन लिस्टन आणि डी. ए. तुरखुड नारूवर काम करत होते. प्लेगच्या साथीत वाल्डेमार हाफकिन यांनी उभारलेली ही प्रयोगशाळा पुढे १९२५ मध्ये हाफकिन इन्स्टिट्यूट झाली. नारू कसा पसरतो, याबद्दल पहिल्या महायुद्धापर्यंत शास्त्रज्ञांच्या मनात फारशी शंका उरली नव्हती.

उपायही कुणापासून लपलेला नव्हता. पायऱ्या बंद करा, विहिरीला कठडा बांधा, पाणी वरून दोराने शेंदा. माणसाचा पाय पाण्याला लागणार नाही, तर नारूची अळी पाण्यात पडणार नाही. ज्याला गावात आड म्हणतात तशी विहीर केली की काम झाले. विहिरीत चुना टाकण्याची कर्नल मॉरिसन यांची पद्धतही नारूग्रस्त भागात करून पाहण्यात आली. त्याविषयीची वाय. एम. प्रधान यांची निरीक्षणे १९३० साली ‘इंडियन जर्नल ऑफ मेडिकल रिसर्च’मध्ये छापून आली. म्हैसूर संस्थानातल्या चित्रदुर्ग जिल्ह्यात व्ही. एन. मूर्ती यांनी वेगळा मार्ग धरला. त्यांनी पायऱ्यांच्या विहिरींत सायक्लॉप्स खाणारे छोटे मासे सोडून पाहिले.

याच काळात सोलापूर-उस्मानाबाद पट्ट्यात एक स्वीडिश डॉक्टर हा रोग बारकाईने पाहत होता. क्नुट लिंडबर्ग हे बार्शी लाइट रेल्वेचे वैद्यकीय अधिकारी. मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी आणि १९११ पासून थेट निजामाच्या राज्यातल्या लातूरपर्यंत धावणारी ही अरुंद रुळांची गाडी. रेल्वेच्या कामगारांवर उपचार करता करता लिंडबर्ग यांना सायक्लॉप्सच्या जातींचा नाद लागला आणि पुढे ते त्या विषयातले नामांकित प्राणिशास्त्रज्ञ झाले. दख्खनमधल्या नारूच्या प्रसारावर त्यांनी १९३५ मध्ये निबंध लिहिला. १९४६ च्या निबंधात त्यांनी एका गावातल्या नारूचा नुसता वैद्यकीय नव्हे, तर आर्थिक हिशेबही मांडला. किती लोकांना झाला, किती दिवस काम बुडाले, गावाचे किती पैशांनी नुकसान झाले. रोगाची किंमत शेतकऱ्याच्या मजुरीत मोजण्याचा विचार त्या काळी विरळाच होता.

इतके सगळे कळूनही नारू गेला नाही. कारण विहीर बदलायची तर पैसा, दगड, गवंडी आणि गावाची संमती लागते. पायऱ्या बंद केल्या, तर रहाट हवा, दोर हवा. जिथे एकच पायविहीर आणि तीही उन्हाळ्यात तळाशी गेलेली, तिथे खाली उतरल्यावाचून पाणी मिळत नाही. त्यातून गावात पाण्याचे हक्क जातीप्रमाणे वाटलेले. ज्यांना गावविहिरीवर चढू दिले जात नसे, त्यांना ओढ्याचे, झऱ्याचे, डबक्याचे पाणी भरावे लागे. महाडचे चवदार तळे १९२७ मध्ये सत्याग्रहाचे ठिकाण झाले, ते पाणी भरण्याचा हक्क हा माणूसपणाचा हक्क म्हणून. तो आरोग्याचाही हक्क होता. मराठवाडा १९४८ पर्यंत निजामाच्या राजवटीत होता. त्यानंतरही आधी हैदराबाद, मग १९५६ मध्ये द्विभाषिक मुंबई, मग १९६० मध्ये महाराष्ट्र, अशी या प्रदेशाची बदली होत राहिली. नळाचे पाणी खेड्यांत पोचायला अजून खूप अवकाश होता.

हापशाचा जन्म

गोष्टीला वळण मिळाले ते दुष्काळातून, आणि तेही मराठवाड्यातच.

दख्खनचे पठार काळ्या कातळाचे. या कातळात पाणी असते ते भेगांत, खोलवर. हाताने खणलेली विहीर तिथपर्यंत पोचत नाही. १९६७ च्या दुष्काळात युनिसेफने दाबाच्या हवेवर चालणारी, कठीण खडक फोडून खाली जाणारी छिद्रण यंत्रे भारतात आणली. जालना येथे चर्च ऑफ स्कॉटलंडच्या मिशनचे जॉन मॅक्लिओड अशाच यंत्रांनी खेड्यापाड्यांत विंधन विहिरी घेत होते. बारीक, खोल आणि वरून बंद अशी ही विहीर. तिच्यात कुणी उतरू शकत नाही, कुणाचा पाय तिच्या पाण्याला लागू शकत नाही. नारूसाठी ती वाट मुळापासूनच बंद.

अडचण वेगळीच होती. एवढ्या खोलीवरून पाणी वर ओढणारा हातपंप टिकत नव्हता. तेव्हाचे बिडाचे पंप युरोप-अमेरिकेतल्या एका शेतघरासाठी बनवलेल्या पंपांची नक्कल होते. एका कुटुंबाने दिवसात काही बादल्या काढायच्या, एवढाच त्यांचा हिशेब. इथे तर पहाटेपासून रात्रीपर्यंत शेकडो घागरी. दांडा मोडे, खीळ निखळे, महिनोन्‌महिने पंप नुसता उभा राही आणि गाव परत जुन्या विहिरीकडे जाई. १९७४ च्या सुमारास झालेल्या पाहणीत चारांपैकी तीन पंप बंद आढळले.

मॅक्लिओड यांनी जालन्यात पंपाच्या वरच्या भागाची नवी रचना केली. नगर जिल्ह्यातल्या वडाळा मिशनमध्ये तिच्यात सुधारणा झाल्या. सोलापुरात ऑस्कर कार्लसन या स्वीडिश गृहस्थांनी पोलादाचा, एकाच खिळीवर फिरणारा, साखळीने दांडी खेचणारा मजबूत पंप घडवला. हा ‘सोलापूर पंप’ युनिसेफला पसंत पडला. त्याच्यावरून, मद्रासच्या यांत्रिकी संशोधन संस्थेच्या आणि रिचर्डसन अँड क्रडास कंपनीच्या मदतीने, सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात ‘इंडिया मार्क टू’ हा हातपंप तयार झाला. पुढे भारतात असे लाखो पंप बसले आणि आफ्रिकेतल्या अनेक देशांतही गेले. मराठवाड्यातल्या बायकांनी त्याला कधी मार्क टू म्हटले नाही. त्यांच्यासाठी तो हापसा.

त्याआधीच बहात्तरच्या दुष्काळाने विंधन विहिरी गावोगाव नेल्या होत्या. १९७२ ची ती आठवण मराठवाड्यात अजून ताजी आहे. खडी फोडायला गेलेली कुटुंबे, सुकडी, लाल मिलोची भाकरी, टँकरची वाट पाहणारी गावे. याच काळात राज्यात भूजलाचे सर्वेक्षण करणारी स्वतंत्र यंत्रणा उभी राहिली आणि विंधन विहिरी हा दुष्काळनिवारणाचा नेहमीचा भाग झाला. त्या खोदल्या गेल्या तहान भागवण्यासाठी, नारूसाठी नव्हे. पण जिथे हापसा टिकला, तिथे पायविहिरीची गर्दी ओसरली आणि एका वर्षाने नारूही ओसरू लागला. दलित वस्तीत बसलेल्या हापशाने तर आणखी एक काम केले. पाण्यासाठी दुसऱ्याच्या दयेवर उभे राहण्याची पाळी काही अंशी तरी संपवली.

घरोघरी शोध

१९८१ ते १९९० हे दशक संयुक्त राष्ट्रांनी पेयजल आणि स्वच्छतेचे दशक म्हणून जाहीर केले. शुद्ध पाणी मिळाले की कोणता रोग समूळ जातो, या प्रश्नाचे सर्वांत सरळ उत्तर नारू हेच होते. बाकीचे जलजन्य रोग अन्नातून, हातांतून, माश्यांतूनही पसरतात. नारू जवळजवळ पिण्याच्या पाण्यावरच जगतो. भारताने १९८३-८४ मध्ये राष्ट्रीय नारू निर्मूलन कार्यक्रम सुरू केला. दिल्लीची राष्ट्रीय संचारी रोग संस्था त्याच्या केंद्रस्थानी होती. १९८४ मध्ये देशात सुमारे ४० हजार रुग्ण सापडले. महाराष्ट्र, राजस्थान, मध्य प्रदेश, गुजरात, कर्नाटक, आंध्र प्रदेश आणि तमिळनाडू या सात राज्यांतल्या ८९ जिल्ह्यांत, १२ हजारांहून अधिक गावांत ते विखुरलेले होते.

या मोहिमेकडे लस नव्हती, कारण नारूवर लस नाही. औषधही नव्हते. शरीरात गेलेल्या अळीला मारणारे औषध आजही नाही. देवीच्या निर्मूलनात लसीकरण करणाऱ्याच्या हातात सुई होती. नारूच्या कार्यकर्त्याकडे होते ते फडके, पट्टी, कीटकनाशकाची बाटली आणि नोंदवही.

पहिले काम शोधाचे. आरोग्य कर्मचारी वर्षातून ठरावीक वेळा नारूग्रस्त भागातल्या गावांत घरोघर जात. कुणाच्या पायाला फोड आहे का, गेल्या वर्षी कुणाला निघाला होता का, तेव्हा ते कुठले पाणी पीत होते. सापडलेल्या रुग्णाची जखम धुऊन पट्टी बांधायची आणि त्याला एकच कळकळीची विनंती करायची, की कितीही जळजळ झाली तरी पाय विहिरीत बुडवू नका. त्याच्यासाठी पाणी घरच्या कुणीतरी आणावे. दुसरे काम पाण्याचे. नारूग्रस्त विहिरींत टेमेफॉस हे कीटकनाशक दहा लाख भाग पाण्यात एक भाग, इतक्या कमी प्रमाणात मोसमभर टाकले जाई. तेवढ्याने सायक्लॉप्स मरत आणि माणसाला ते पाणी पिण्यास अपाय नसे. तिसरे काम पायऱ्या बंद करून कठडे बांधण्याचे, शक्य तिथे हापसा बसवण्याचे. आणि चौथे, सर्वांत स्वस्त काम, घरात येणारा प्रत्येक घोट फडक्यातून गाळण्याचे. सायक्लॉप्स डोळ्याला जेमतेम दिसेल एवढा असतो, त्यामुळे दाट विणीचे कापड त्याला सहज अडवते. ज्यांना सुती फडके पाणी लवकर सोडत नाही म्हणून कंटाळा येई, त्यांच्यासाठी बारीक जाळीचे नायलॉनचे गाळण वाटले गेले.

या चारही कामांत घरातल्या बाईचा हात सर्वांत मोठा होता. पाणी ती आणे, ती साठवे, तीच गाळे. तिला पटले की घर सुटले. म्हणून जिथे मोहीम यशस्वी झाली, तिथे कर्मचाऱ्यांनी विहिरीतले पाणी काचेच्या पेल्यात धरून, उन्हात, तिच्यासमोर त्यातली हालचाल दाखवली. राजस्थानच्या आदिवासी जिल्ह्यांत तर हापशाची दुरुस्ती स्त्रियांनाच शिकवण्यात आली.

महाराष्ट्रातला नारू नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला संपत आला. बाकी राज्ये एकेक करून सुटत गेली, राजस्थान शेवटपर्यंत झुंजत राहिले. देशातले आकडे खाली येत होते. १९९४ मध्ये ३७१ रुग्ण, १९९५ मध्ये ६०, १९९६ मध्ये ९. जुलै १९९६ मध्ये राजस्थानच्या जोधपूर जिल्ह्यात भारतातल्या शेवटच्या रुग्णाची नोंद झाली.

शेवटचा रुग्ण बरा झाला म्हणून काम संपले नाही. नारू शरीरात वर्षभर लपून बसत असल्यामुळे सलग तीन वर्षे एकही रुग्ण नाही, हे सिद्ध करावे लागणार होते. नारूची खबर देणाऱ्याला रोख बक्षीस जाहीर झाले. अफवा आली की पथक निघे, फोड पाहून खात्री करून घेई. फेब्रुवारी २००० मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने भारत नारूमुक्त असल्याचे प्रमाणित केले. देवीनंतर देशातून हद्दपार झालेला हा दुसरा रोग.

त्याच काळात, १ मे १९९९ रोजी, परभणी जिल्ह्याचे विभाजन होऊन हिंगोली जिल्हा झाला. नव्या जिल्ह्याची मुले शाळेत गेली तेव्हा नारू फक्त पुस्तकात उरला होता.

उरलेले काम

जगाची गोष्ट अजून संपलेली नाही. १९८६ मध्ये आफ्रिका आणि आशियातल्या वीसेक देशांत दरवर्षी सुमारे ३५ लाख लोकांना नारू होत असावा, असा अंदाज होता. त्या वर्षापासून अमेरिकेचे माजी अध्यक्ष जिमी कार्टर यांच्या संस्थेने जगभरच्या निर्मूलनाचे नेतृत्व केले. २०२४ मध्ये जगात माणसांतले फक्त १५ रुग्ण नोंदले गेले. त्याच वर्षाच्या डिसेंबरात कार्टर वारले. शेवटचे पाऊल अवघड झाले आहे, कारण चाडसारख्या देशांत हा कृमी कुत्र्यांतही आढळू लागला आहे. उपाय तेच राहिले आहेत. पाणी गाळणे, बाधित प्राण्याला पाण्यापासून दूर बांधणे, तळ्यात टेमेफॉस टाकणे.

हापशाच्या यशालाही दुसरी बाजू आहे. कातळातले पाणी उपसले गेले, सिंचनाच्या बोअर हापशाहून कितीतरी खोल गेल्या, आणि मराठवाड्यातले अनेक हापसे मार्च-एप्रिलमध्ये नुसती हवा देतात. मग माणसे जुन्या विहिरीकडे, टँकरकडे, शेततळ्याकडे वळतात. नारू परत येणार नाही, कारण त्याची अळी आणणारा पायच आता देशात नाही. पण कावीळ, विषमज्वर, कॉलरा, गॅस्ट्रो यांना वर्षभर वाट पाहावी लागत नाही. त्यांना एक फुटलेली जलवाहिनी पुरते. शहरेही यातून सुटलेली नाहीत. जानेवारी २०२५ मध्ये पुण्याच्या सिंहगड रस्ता परिसरात गिया बारे सिंड्रोमचे रुग्ण अचानक वाढले, हातपाय लुळे पडू लागले, तेव्हा तपासाचा रोख दूषित पाण्याकडे आणि त्यातून पसरणाऱ्या कॅम्पिलोबॅक्टर या जीवाणूकडेच गेला. सायक्लॉप्स कापडात अडकतो, जीवाणू अडकत नाहीत. त्यांच्यासाठी पाणी उकळावे लागते किंवा क्लोरिन लागते.

बारवांना दोष देण्याचे मात्र कारण नाही. अलीकडच्या वर्षांत महाराष्ट्रात बारवांतला गाळ काढून त्या पुन्हा उजेडात आणण्याची चळवळ उभी राहिली आहे, आणि ती मनापासून कौतुकास्पद आहे. स्वच्छ झालेली बारव भूजल भरते, गावाचा इतिहास सांगते. तिचे पाणी शेतीला, वापराला घ्यावे. पिण्यासाठी घ्यायचे असेल तर ते शुद्ध करूनच घ्यावे.

नारूची वाट १८७० मध्ये कळली आणि भारतात ती बंद व्हायला १९९६ उजाडले. एवढी वर्षे गेली ती शास्त्र अपुरे होते म्हणून नव्हे, तर शास्त्र गावच्या पाण्यापर्यंत पोचले नाही म्हणून. ते पोचले तेव्हा ना लस लागली, ना औषध. लागला हापसा, फडके आणि दारोदार विचारत फिरणारा आरोग्य कर्मचारी.

शास्त्राची ती वाट आजही आपल्या गावापर्यंत मोकळी ठेवता येते. महाराष्ट्रात पावसाळ्याच्या आधी आणि नंतर ग्रामपंचायतींच्या सार्वजनिक पाण्याच्या स्रोतांची पाहणी होते आणि धोक्याप्रमाणे गावाला लाल, पिवळे किंवा हिरवे कार्ड दिले जाते. सलग पाच वर्षे हिरवे कार्ड राखून साथ टाळणाऱ्या गावाला चंदेरी कार्ड मिळते. हा कागद कपाटात ठेवण्यासाठी नाही. आपल्या गावाला यंदा कोणते कार्ड मिळाले, टाकीत क्लोरिनची पावडर रोज पडते का, गळकी जलवाहिनी कधी दुरुस्त होणार, हे पुढच्या ग्रामसभेत प्रत्येकाने उठून विचारावे आणि उत्तर मिळेपर्यंत विचारत राहावे.